‘घाटी’, ‘खाप्री’ आणि मधला ‘तरी’

मांडवीकाठ:
गोव्यात घाटावरच्याला ‘घाटी’ आणि काळ्या माणसाला ‘खाप्री’ म्हणणं हा वंशवादच, ते शब्द सोडायला हवेत. पण शिवी न देताही माणसाला खाली बसवता येतं. बहुतेक वेळा ते काम ‘तरी’ आणि ‘पण’ करतात. ‘काळी असली तरी नाकीडोळी नीटस.’ ‘घाटी आहे, पण प्रामाणिक.’ आता ‘पण’च्या जागी ‘आणि’ घाला. वाक्य कानाला खटकलं, तर पूर्वग्रह तिथेच बसलाय.

बातम्यांतही तेच. माणूस युगांडाचा की टांझानियाचा हे पासपोर्टवरून कळण्याआधीच मथळा ‘नायजेरियनाला अटक’. 2013 मध्ये गोव्यातल्या पर्रा येथे खून झाला तो एका नायजेरियनाचा, आणि त्यानंतर गोव्याच्या एका मंत्र्यांनी कॅन्सरची उपमा दिली तीही नायजेरियनांनाच!

फोंडेकर:
‘घाटी’ म्हणजे घाटावरचा. भूगोलाला वंशवाद कसा म्हणता? कॅफ्रियल या आपल्या चिकनच्या पदार्थाचं नावही ‘काफ्रे’वरून आलंय, मग हॉटेलांच्या पाट्या पुसायच्या? आपला विठोबाही सावळाच. शब्द असे गाळत गेलो तर बोली उरायची नाही.

शब्दवेध:
फोंडेकर बाब, कॅफ्रियल खुशाल राहू दे, ते नाव कुणाच्या तोंडावर फेकलं जात नाही. ‘खाप्री’ फेकलं जातं. अरबी ‘काफिर’, त्याचं पोर्तुगीज ‘काफ्रे’, त्याचं कोंकणी ‘खाप्री’, आणि या वाटेवर गुलामांचा व्यापार आहे. दक्षिण आफ्रिकेत याच मुळाचा शब्द पोलिसांवर वापरल्याबद्दल 2018 मध्ये एका बाईला तुरुंगवास झाला.

विठोबा सावळा चालतो, सून का चालत नाही?

आणि बेळगावचा डॉक्टरही घाटावरचाच. त्याला कोण घाटी म्हणतं? म्हणतात ते बांधकामावरच्या मजुराला.

फोंडेकर:
डॉक्टरचं पटलं. पण मग हा पैशाचा भेद झाला, वंशाचा नव्हे. सगळ्यालाच वंशवाद म्हटलं की खऱ्या वंशवादाचं गांभीर्य जातं. जमिनी गेल्या, भाडी परवडेनात. हे बोलायला स्थानिकाकडे ‘भायले’, म्हणजे बाहेरचे, हा एक शब्द आहे. तोही सोडायचा?

मांडवीकाठ:
भाड्याच्या जाहिरातीत ‘घाटी नकोत’ लिहिण्यापेक्षा माणसं किती, डिपॉझिट किती, करार किती महिन्यांचा ते लिहा. पाण्याची किंवा पार्किंगची अडचण असेल तर तीही त्यात मावते.

शब्दवेध:
तक्रार जरूर करा, फक्त कर्ता नेमका धरा. ‘भायल्यांनी जमीन गिळली’ म्हटलं की बाहेरचा बिल्डर आणि त्याच्याकडे विटा वाहणारा लमाणी एकाच शब्दात बसतात. खरेदीखतावर त्यातल्या कुणाचं नाव असतं?