सॉर्सरर, लेव्हल 7: एम्पॉवर्ड स्पेलला पॉइंट घालू की मोठा स्लॉट वापरू?

द्राक्षबागवाला

राम राम मंडळी. मी पिंपळगाव बसवंतचा, द्राक्षबागाईतदार. लेक नाशकात इंजिनिअरिंगला आहे. तिच्या ग्रुपमधला एक गडी नोकरीसाठी पुण्याला गेला, टेबलावर जागा रिकामी पडली, आणि कोणी मिळेना म्हणून मला बसवलं. तेव्हापासून रविवारी गंगापूर रोडला आधी मिसळ, मग डंजन्स अँड ड्रॅगन्स, म्हणजे पात्र घेऊन फाशांवर गोष्ट खेळायचा खेळ. घरी बायको म्हणते, बाग सोडून फासे कसले खेळता. असो.

माझं पात्र सॉर्सरर, म्हणजे जादूगार आहे; करिश्मा (त्याच्या जादूचा जोर ठरवणारा आकडा) 18. मेटामॅजिकमध्ये (स्पेल, म्हणजे मंत्र, वळवायच्या युक्त्या) एम्पॉवर्ड स्पेल घेतलंय, डॅमेजचे काही फासे परत टाकू देणारं. मला वाटलं, घडाला जीए (मणी वाढवणारं संजीवक) दिल्यावर मणी फुगतो तसं स्पेल फुगत असेल. गेल्या रविवारी ओग्रेंवर (राक्षसांवर) फायरबॉल, म्हणजे आगीचा गोळा टाकला. आठ फासे पडले ते असे: 6, 5, 5, 4, 4, 3, 2, 1. बेरीज 30. मी एक सॉर्सरी पॉइंट (अशा युक्त्यांसाठी मोजकेच मिळतात) दिला आणि खालचे चार फासे, म्हणजे 1, 2, 3 आणि एक 4, उचलून परत टाकले. आले 2, 1, 1, 3. झाले 27! एका ओग्रेचे 29 हिटपॉइंट (जीव) उरले होते. तो दोनावर उभा राहिला आणि त्याने सोटा घालून लेकीचा पॅलाडिन (तिचा योद्धा) आडवा केला. गपचूप बसलो असतो तर तो मेला असता.

नवे फासे घ्यावेच लागतात, जुने ठेवता येत नाहीत, हे आमच्या डीएमने (खेळ चालवणाऱ्याने) पुस्तकात दाखवलं. मान्य. पण मग हा पॉइंट घालवण्यात अर्थ काय? त्यापेक्षा चौथ्या लेव्हलचा स्लॉट (स्पेल टाकायची मोजकी संधी, लेव्हल मोठी तर स्पेल जोरात) वापरून नववा फासा घेतलेला बरा नाही का?

सिडकोचा_डीएम

काका, चूक तेवढीशी नाही, पण आहे. सहा बाजूंच्या फाशाची सरासरी 3.5. म्हणजे 1, 2, 3 उचलायचे, 4 ला हात लावायचा नाही. तुमच्या 1 वर सरासरी अडीचचा फायदा होता, 2 वर दीडचा, 3 वर अर्ध्याचा. मिळून साडेचार. तो 4 उचललात आणि साडेचारातला 0.5 घालवलात. चार फाशांत अवघे सात पडले हे मात्र निव्वळ नशीब, त्याला पुस्तक काय करणार.

आता स्लॉटचं. आठ फाशांची सरासरी 28. चौथ्या लेव्हलच्या स्लॉटमध्ये नऊ फासे, 31.5. तुमचा करिश्मा 18, त्याचा बोनस +4, म्हणजे चारपर्यंत फासे परत टाकता येतात. नीट निवडून टाकलेत तर सरासरी साडेतेहतीसच्या थोडी पुढे जाते, तीही एका पॉइंटात. लेव्हल 7 ला चौथ्या लेव्हलचा स्लॉट एकच असतो, आणि पॉइंट मोडून नवा बनवायचा तर तुमच्या सात पॉइंटांतले सहा जातात.

पण खरी गंमत आकड्यात नाही. बहुतेक मेटामॅजिक स्पेल टाकतानाच ठरवावं लागतं. एम्पॉवर्डचा निर्णय तुम्ही फासे बघून घेता. 30 पडले, सरासरीच्या वर आहेत, तर पॉइंट खिशात ठेवायचा. 20 पडले तर काढायचा. शिवाय फायरबॉलचं डॅमेज सगळ्यांसाठी एकदाच टाकतात, त्यामुळे वर्तुळात पाच जण असतील तर तोच पॉइंट पाच जणांवर लागू होतो. एकट्या ओग्रेसाठी कंजुषी करा.

आणि हे फक्त डॅमेजच्या फाशांना चालतं. बऱ्या करणाऱ्या स्पेलवर चालत नाही, आमच्याकडे एकाने तसं करून पाहिलंय.

पंचवटीचा_जुना_गडी

आजकाल सगळं सोपं झालंय. खेळाच्या 2003 च्या साडेतीन (3.5) आवृत्तीत एम्पॉवर म्हणजे जे पडेल त्याच्या सरळ दीडपट. 28 चे 42. पण त्यासाठी स्पेल दोन लेव्हल वरच्या स्लॉटमध्ये जायचं, आणि शिवाय सॉर्सररचा पूर्ण राउंड (लढाईतली अख्खी पाळी) जायचा. मॅक्सिमाइझ घेतलं तर प्रत्येक फाशावर 6 धरायचा, स्लॉट तीन लेव्हल वर. म्हणजे ताकद हवी तर आधी खिसा रिकामा करा. आता एक पॉइंट टाकून फासे परत टाकता आणि वर तक्रार!

(तरी सांगतो, तेव्हाचा दीडपट पडला की मजा वेगळीच होती.)

आडवा_झालेला_पॅलाडिन

पप्पा, तुम्ही इथे प्रश्न टाकलात??

बाकीच्यांच्या माहितीसाठी: ओग्रेच्या सोट्याआधी मी पप्पांच्याच गोळ्यात भाजले होते. फायरबॉलची त्रिज्या 20 फूट, मी त्यात उभी होते, आणि माझा सेव्ह (बचावाचा फासा) फसला. सत्तावीसच्या सत्तावीस माझ्यावर. ते लिहायला विसरलात वाटतं. तुमच्याकडे केअरफुल स्पेल आहे, एका पॉइंटाचं, त्याने आपल्या माणसांचा सेव्ह आपोआप जमतो. आपण 2014 चंच पुस्तक वापरतो, त्यामुळे निम्मं डॅमेज तरी बसलं असतंच, पण 13 आणि 27 मध्ये फरक आहे ना.

सिडकोचा_डीएम

हाहा. काका, एका स्पेलवर एकच मेटामॅजिक हा नियम असला तरी एम्पॉवर्ड त्याला अपवाद आहे. केअरफुल आणि एम्पॉवर्ड दोन्ही लावा, दोन पॉइंट.

द्राक्षबागवाला

लेक म्हणते ते खरं आहे. विसरलो नव्हतो, लिहायचं टाळलं.

बाकी आता डोक्यात शिरलं. हे जीए नाहीच, ही विरळणी आहे. घडातले बारके मणी कात्रीने काढायचे आणि चांगल्यांना हात लावायचा नाही. मी चांगला मणी कापला. गड्यांना बागेत हेच करू नका म्हणून रोज ओरडतो मी.

पॅलाडिनबाई, या रविवारी मला तासभर उशीर होईल, सकाळी फवारणी आहे. मिसळ ठेवा, आणि तुम्ही जरा लांब उभ्या राहा.