३० लाखांचं गृहकर्ज: २० वर्षं की ३० वर्षं? एकूण खर्च कसा धरायचा, सल्ला हवाय

अनगोळकर

नमस्कार मंडळी. वय ३६, बेळगावात उद्यमबागेत एका कारखान्यात अकाउंट्स बघतो. बायको खासगी मराठी शाळेत शिकवते. दोघांचे मिळून हातात ६८,००० येतात. अनगोळात भाड्यानं राहतो, भाडं ११,०००.

महानगरपालिकेच्या हद्दीत एक रो-हाऊस बघितलंय, सेकंड हँड, ३८ लाखाला बोलणी झाली. आमच्याकडं ८ लाख साठलेत, ३० लाख कर्ज काढायचं. एका हाऊसिंग फायनान्स कंपनीचा माणूस घरी येऊन गेला. व्याज ८.५ टक्के, फ्लोटिंग, म्हणजे पुढं बदलू शकणारं. म्हणाला, "३० वर्षं घ्या, हप्ता २३,०६७ बसतो, भाड्यात अजून थोडे घातले की झालं. वर टॅक्स वाचतो."

सासरे म्हणतात एवढं कर्ज डोक्यावर घेऊन झोप लागायची नाही. त्यांना पटेल असं काही सांगायचं तर आधी मला स्वतःला कळलं पाहिजे की हे घर शेवटी कितीला पडणार. रजिस्ट्रेशनला थोडे पैसे कमी पडतील असं दिसतंय, त्यासाठी एक सोसायटी ३ लाख द्यायला तयार आहे, ८ टक्के फ्लॅट, ५ वर्षं. जाणकारांनी सांगा की.

निपाणीकर

बाळा, मी ३१ वर्षं एका बँकेच्या कर्ज विभागात काढली, आता निवृत्त आहे. सासऱ्यांची काळजी मला समजते. तू वही घे आणि हे उतरवून ठेव.

३० लाख, ८.५ टक्के. १५ वर्षांना हप्ता २९,५४२ आणि एकूण व्याज २३ लाख १८ हजार. २० वर्षांना हप्ता २६,०३५, व्याज ३२ लाख ४८ हजार. २५ वर्षांना २४,१५७ आणि ४२ लाख ४७ हजार. ३० वर्षांना २३,०६७ आणि ५३ लाख ४ हजार.

आता २० आणि ३० शेजारी ठेव. महिन्याला २,९६८ वाचतात आणि त्यापायी २० लाख ५६ हजार जादा व्याज जातं. घरी आलेल्या माणसानं तुला पहिला आकडा सांगितला, दुसरा सांगितला नाही.

असं का होतं ते बघ. पहिल्या महिन्याचं व्याज दोन्हीकडं तेवढंच, २१,२५०. वीस वर्षांच्या हप्त्यात मुद्दलाला ४,७८५ मिळतात, तीस वर्षांच्या हप्त्यात फक्त १,८१७. मुद्दल हलत नाही तोवर व्याज हलत नाही. वीस वर्षांचं कर्ज घेऊन पाच वर्षं इमानदारीनं हप्ते भरलेस तर खिशातून १५ लाख ६२ हजार गेलेले असतील आणि बाकी तरीही २६ लाख ४४ हजार असेल. ही बाकी बघून लोक माझ्या टेबलापुढं येऊन भांडायचे, बँकेनं फसवलं म्हणायचे. फसवलेलं नसायचं, पण सही करायच्या आधी कुणी समजावलेलंही नसायचं. ते मला आजही खटकतं.

टॅक्सचं म्हणशील तर तुझ्या पगारावर तो वाचण्यासारखा नाहीच. नव्या करप्रणालीत १२ लाखांपर्यंतच्या उत्पन्नाला कर लागत नाही, आणि स्वतः राहत्या घराच्या व्याजाची वजावट तिथं मिळत नाही. ती २ लाखांपर्यंतची वजावट जुन्या प्रणालीतली. जो कर भरायचाच नाही तो वाचणार कुठून?

आणि तीस वर्षं म्हणजे तू ६६ चा होशील. कारखान्यातली नोकरी तोवर आहे का?

हिंडलग्याहून

काकांनी सांगितलं ते दर आहे तसाच राहिला तर. तो राहत नाही, आणि आम्हाला तिथंच फटका बसला.

आम्ही २०२१ मध्ये २५ लाख घेतले. ६.९ टक्के, २० वर्षं, हप्ता १९,२३३. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेनं रेपो (ती बँकांना ज्या दरानं पैसे देते तो दर) ४ वरून ६.५ वर नेला. आमचा दर त्याच्याबरोबर ९.४ झाला. हप्ता मात्र तेवढाच कापला जात होता, त्यामुळं आम्हाला वाटलं काही बदललं नाही. एकदा सहज कर्जाचं स्टेटमेंट काढलं. बाकी २४ लाखांच्या जवळ, दरमहा व्याज १८,८०० च्या आसपास, हप्ता १९,२३३. म्हणजे मुद्दलात महिन्याला चार-पाचशे रुपये. त्या चालीनं कर्ज फिटायला चाळीस वर्षांच्या पुढं गेलं असतं. माझे मिस्टर त्या रात्री जेवले नाहीत.

दुसऱ्या दिवशी शाखेत जाऊन लेखी अर्ज दिला आणि हप्ता २३,००० करून घेतला. जड गेलं. मुलीचा क्लास बंद केला, दोन वर्षं कुठं गेलो नाही. पण मुदत परत जागेवर आली. फेब्रुवारी २०२५ पासून दर उतरायला लागल्यावर हप्ता कमी करू का असं बँकेनं विचारलं, तर आम्ही नको म्हटलं. हप्ता तोच ठेवलाय, आता वर्षं कमी व्हायलीत.

रिझर्व्ह बँकेचा ऑगस्ट २०२३ चा आदेश आहे: दर वाढला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही, हा पर्याय कर्जदाराला द्यावा लागतो. पण त्यांचा मेसेज आपण वाचला पाहिजे. दर सहा महिन्यांनी "किती महिने राहिले" एवढं तरी बघत जावा.

निपाणीकर

ताईंनी सांगितलं ते सोन्यासारखं आहे. त्याला जोडून एक. बँकांना १ ऑक्टोबर २०१९ पासून नवं फ्लोटिंग गृहकर्ज रेपोसारख्या बाहेरच्या दराशी बांधावं लागतं आणि निदान तीन महिन्यांतून एकदा दर जुळवावा लागतो. हाऊसिंग फायनान्स कंपनीला ते बंधन नाही, तिचा दर तिच्या स्वतःच्या आधारदरावर चालतो. रेपो उतरला तरी तुझा दर लगेच उतरेलच असं नाही. त्यामुळं दोन बँकांत तरी विचारून ये. पगार खात्यात होतो, तर दारावर आलेल्या पहिल्याच माणसाला हो म्हणायची गरज नाही.

आता सोसायटीचं. फ्लॅट म्हणजे फेडलेल्या मुद्दलावरही शेवटपर्यंत व्याज. ३ लाखाला ५ वर्षांचं ८ टक्क्यांनी १ लाख २० हजार, महिना ७,०००. घटत्या बाकीवर मोजलं तर हा दर १४ टक्क्यांच्या वर जातो. घराच्या हप्त्यात हे घातलं की ३३,०००, म्हणजे निम्मा पगार. ते करू नको.

उद्यमबाग_शिफ्ट

माझं मत थोडं वेगळं आहे. मी फौंड्रीत आहे, ओव्हरटाईम एक महिना असतो, दोन महिने नसतो. २०२० च्या लॉकडाऊनमध्ये हातात अर्धा पगार आला. मी २५ वर्षं घेतली ती हप्ता लहान राहावा म्हणूनच. बोनस आला की जादा भरतो. फ्लोटिंग गृहकर्जावर मुदतीआधी पैसे भरायला दंड लावता येत नाही, मग मुदत लांब घेऊन आपल्या सोयीनं फेडलं तर बिघडलं कुठं? अडचणीच्या महिन्यात हप्ता चुकला तर सिबिल बिघडतं, त्याचं काय?

निपाणीकर

तुमचा मुद्दा खरा आहे आणि तुम्ही भरताय हे त्याहून चांगलं. पण मी पाहिलेल्या शंभरातले फार थोडे भरायचे. बोनस आला की आधी गाडी यायची.

जादा भरण्याचं बळ किती असतं ते मात्र सगळ्यांनी बघावं. वीस वर्षांच्या याच कर्जात पहिलं वर्ष संपताना १ लाख जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर शेवटचे १८ हप्ते उडतात. म्हणजे जवळजवळ ४ लाख ७० हजार. तेच १ लाख पंधराव्या वर्षाअखेर भरले तर पाच-सहा हप्ते. पैसा तोच, वेळ वेगळी. दरवर्षी एक हप्ता जादा भरत गेलात तर कर्ज साधारण सव्वातीन वर्षं आधी फिटतं आणि सहा लाखांवर व्याज वाचतं. भरताना मात्र अर्जात "मुदत कमी करा" असं लिहून द्या. नाहीतर कधी कधी हप्ता कमी करून ठेवतात.

खानापूर_रोड

अनगोळकर, तुमच्या पोस्टमध्ये एक गोष्ट राहिलीय. रजिस्ट्रेशनला "थोडे पैसे" म्हणताय ते थोडे नाहीत. कर्नाटकात शहरी हद्दीत स्टँप ड्युटी ५ टक्के, त्यावर सेस आणि सरचार्ज धरून ५.६. रजिस्ट्रेशन फी ३१ ऑगस्ट २०२५ पासून १ ची २ टक्के झाली. ३८ लाखावर २ लाख १२ हजार ८०० अधिक ७६ हजार, म्हणजे २ लाख ८८ हजार ८००. गायडन्स व्हॅल्यू, म्हणजे सरकारनं ठरवलेली किंमत, ३८ च्या वर असेल तर त्यावर. हे कर्जात धरत नाहीत, खिशातूनच जातं. वकील, जुन्या घराची डागडुजी, घरपट्टी वेगळं.

दुसरं विम्याचं. आमच्या भावाच्या कर्जात १ लाख २० हजारांचा विमा घातला, "कंपल्सरी आहे" म्हणून. तो हप्ता कर्जातच मिळवला. ८.५ नं २० वर्षं धरा, महिन्याला १,०४१, शेवटी अडीच लाख. सक्ती नव्हतीच, हे त्याला नंतर कळलं. घरच्यांसाठी विमा पाहिजेच, पण साधा टर्म प्लॅन बाहेरून घ्या, स्वतः निवडून.

तिसरं, आणि आपल्या भागात हे सगळ्यात महत्त्वाचं. कागद इंग्रजीत किंवा कन्नडमध्ये असतात आणि आपली माणसं बोट दाखवतील तिथं सही करतात. माझ्या वडिलांनी तशीच केली होती, म्हणून पोटतिडकीनं सांगतोय. १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक किरकोळ कर्जाला की फॅक्ट स्टेटमेंट द्यावं लागतं, तेही कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत. मराठीत मागा. त्यात सगळे खर्च धरून वर्षाचा खरा दर, एपीआर, लिहिलेला असतो आणि हप्त्यांचा पूर्ण तक्ता जोडलेला असतो. त्यात नसलेला खर्च नंतर तुमच्या संमतीशिवाय लावता येत नाही. विचार करायला निदान तीन कामाचे दिवस मिळतात. घाई करणाऱ्याला हे सांगा.

अनगोळकर

सगळ्यांचे मनापासून आभार. काकांचा तक्ता वहीत उतरवला आणि रविवारी सासऱ्यांपुढं ठेवला. ते बराच वेळ बघत बसले. मग म्हणाले, "वीस वर्षांचं असेल तर बोलू."

फायनान्स कंपनीकडून मराठीत स्टेटमेंट मागितलं. आधी "असं कुणी मागत नाही" म्हणाले, चौथ्या दिवशी दिलं. प्रोसेसिंग, कायदेशीर तपासणी आणि विमा मिळून दीड लाख कापलेले. २० वर्षांना एपीआर ९.२! विमा काढला तर ८.६ च्या थोडं वर येतो. ८.५ हा आकडा माझ्या डोक्यात पक्का बसला होता, तो कुठंच खरा नव्हता. आता एका बँकेतही अर्ज टाकलाय.

सोसायटीचं सोडलं. माझी ३ लाखांची भिशी दिवाळीत निघते. मालकाशी बोललो, संचकार (इसार) ५० हजार घेऊन मार्गशीर्षापर्यंत थांबायला तयार झालेत. बायकोनं विचारलेला प्रश्न राहिलाय: २६,०३५ चा हप्ता आणि हातात शिल्लक काहीच नाही, असं सुरू करायचं का?

हिंडलग्याहून

नाही. निदान चार हप्ते बाजूला असल्याशिवाय सही करू नका. आमच्याकडं ते नव्हते म्हणून क्लास बंद करावा लागला. मार्गशीर्षापर्यंत थांबताय तर आतापासूनच दर महिन्याला भाडं सोडून १५,००० वेगळ्या खात्यात टाका. भाडं आणि ते मिळून हप्त्याएवढंच होतंय. जमतंय का ते कळेल, आणि शिल्लकही साठेल. जमलं नाही तर मालकाला नाही म्हणायला अजून वेळ आहे.

अनगोळकर

ताई, हे उद्यापासूनच सुरू करतो. बायकोला वाचून दाखवलं, ती म्हणाली हेच पाहिजे होतं.

अजून एक. वकिलांनी कावेरी या सरकारी नोंदणी पोर्टलवरून ३० वर्षांची ईसी (घरावरचे व्यवहार आणि बोजे दाखवणारा दाखला) काढायला सांगितलंय, आणि ई-खाताही (पालिकेतली घराची ऑनलाइन नोंद). ईसी कन्नडमध्ये येते ना? मला वाचता येतं पण सावकाश, कायद्याचे शब्द अडतात.

खानापूर_रोड

कन्नडमध्येच येते. आधीच्या मालकाचं कर्ज फिटल्याची नोंद त्यात आली आहे का, तेवढं पहिल्यांदा बघा. कर्ज फेडलेलं असतं पण बोजा उतरवलेला नसतो, असं जुन्या घरांत होतं. नावं आणि नंबर झाकून मला मेसेजमध्ये पाठवा, ओळीनं वाचून मराठीत लिहून देतो. शनिवारी दुपारनंतर मोकळा आहे.