क्षमेचा आग्रह नेहमी बहिणीलाच का?

गिरगावची लेक : "गणपती आले आहेत, भावंडांतला अबोला संपवा, मोठ्या मनाने क्षमा करा," हे कालचे आवाहन वाचून लिहिल्यावाचून राहवले नाही. वडील गेल्यावर तेराव्याच्या आतच माझ्यापुढे हक्कसोडपत्र, म्हणजे घरातला वाटा सोडल्याचा कागद, ठेवले गेले आणि माहेर तुटेल या धास्तीने मी सही केली. पुढे इमारत पुनर्विकासात गेली, भावाला मोठे घर मिळाले आणि आईच्या आजारपणात रुग्णालयातल्या रात्री मात्र माझ्या वाट्याला आल्या. ज्याला आपले काही चुकले असे आजही वाटत नाही, त्याला मी क्षमा कशाची करायची?

पार्लेकर : ते आवाहन माझेच होते. माझे वडील आणि काका अखेरपर्यंत बोलले नाहीत. वडिलांच्या अंत्यविधीला काका दाराबाहेर उभे राहून रडत होते, हे मी पाहिले आहे. शिवाय सही तुम्हीच केलीत. मुलींना २००५ पासून हक्क आहे, हे ठाऊक नव्हते का?

परळची वकील : येथे २००५ चा दाखला चुकीचा आहे. हिंदू वारसा कायद्यातली ती दुरुस्ती वडिलोपार्जित एकत्र मिळकतीतील सहदायकत्वाची, म्हणजे जन्मापासूनच्या हिश्श्याची असून, महाराष्ट्राने तो हक्क अविवाहित मुलींना १९९४ मध्येच दिला होता. वडिलांच्या स्वकष्टार्जित घरात, मृत्युपत्र नसल्यास, मुलगी १९५६ पासूनच मुलाइतकी वारस आहे. प्रश्न कायद्याच्या माहितीचा नाही. नोंदणी झालेले हक्कसोडपत्र रद्द करायचे तर दबाव सिद्ध करावा लागतो, आणि घरातल्या दबावाला साक्षीदार कोण होणार?

लालबागचा थोरला : प्रत्येक भावाला लुटारू ठरवू नका! १९८२ च्या संपात वडिलांची गिरणी सुटली, तेव्हा मी शिक्षण सोडून कामाला लागलो, घराचे हप्ते फेडले, दोन्ही बहिणींची लग्ने लावली. आज त्याच बहिणी वाटा मागतात आणि मला राखीही बांधत नाहीत. माझी क्षमा कोण मागणार?

गिरगावची लेक : तुमचे कष्ट मी नाकारत नाही. हप्ते तुम्ही भरले असतील, तर तो हिशेब बहिणींसमोर मांडा. त्यांना तो पटेलही. माझ्यापुढे हिशेब कोणी मांडलाच नाही, थेट कागद ठेवला.

पार्लेकर : चूक कबूल झाल्याशिवाय क्षमेचा आग्रह धरू नये, एवढे मी नाइलाजाने मान्य करतो. तरीही पहिला फोन कोणी तरी करायलाच हवा.

गिरगावची लेक : तो त्याने करावा. मी उचलेन, त्यापुढचे वचन आज देणार नाही.