जीएसटी आदेश: अपील करावं की थेट हायकोर्टात रिट याचिका? मदत हवी आहे

नमस्कार मंडळी. वडिलांच्या फर्मवर जीएसटीचा आदेश निघालाय. नोटीस पोर्टलवरच्या भलत्याच टॅबमध्ये पडून होती, सुनावणीची तारीख कळलीच नाही. आदेशात मात्र 'संधी देऊनही गैरहजर' असं ठोकून दिलंय. कलम 107 खाली अपिलाला 3 महिने, वर उशीर माफ होण्याचा जेमतेम 1 महिना, आणि वादातल्या कराचे 10 टक्के आधी भरायचे. वकीलसाहेब म्हणतात, नैसर्गिक न्याय (म्हणजे बाजू मांडायची संधी) डावललाय, तेव्हा अपिलाची सोय असली तरी राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली रिट चालेल. त्यासाठी सुप्रीम कोर्टाचा 1998 चा व्हर्लपूल निकाल दाखवतात. सीए म्हणतात, हायकोर्ट 'आधी अपील करा' म्हणून परत पाठवेल. मला सीएंचंच पटतंय, पण 10 टक्के जड आहेत हो. रिट पडून राहिली आणि इकडे अपिलाची मुदत टळली तर? कुणाला अनुभव आहे का?