मदत हवी आहे : काळ शोषणारा खडा कथेत पटेल का?

नमस्कार मंडळी. दिवाळी अंकासाठी कथा लिहितोय. जामनेरकडे विहीर खोदताना काळ्या दगडाच्या पोकळीत एक खडा सापडतो. खनिज काल्पनिक, नाव ठेवलंय 'थांबणी'. जवळ नेलं की घड्याळ मागे पडतं.

सुचलं ते घरातल्या स्टिलबाइटच्या खड्यावरून (झिओलाइट गटातलं खनिज). फिकट गुलाबी, मधोमध बांधलेल्या पेंढीसारखा. झिओलाइट तापवला की पोटातलं पाणी सोडतो, गार झाला की पुन्हा घेतो. माझा खडा पाण्याऐवजी काळ पितो आणि चुलीजवळ ठेवला की सोडतो. म्हणून आजीची कळण्याची भाकरी तव्यावर टाकताक्षणी करपते! (हा प्रसंग मी काही केल्या काढणार नाही.)

अडलंय ते असं. क्वार्ट्झ घड्याळातला स्फटिक सेकंदाला ३२,७६८ वेळा कंप पावतो, चावीच्या घड्याळात चक्र झुलतं. दोन्ही सारखीच मागे पडतील ना? पण मग खडा मुठीत धरणाऱ्याचाही काळ मंदावणार. त्याला फरक कळणार कसा? भौतिकशास्त्रवाल्यांनी सांगा.

आणि विहीर खोदणारे दगडातल्या अशा पोकळीला तिकडच्या तावडी बोलीत काय म्हणतात? संवादासाठी नेमका तोच शब्द हवाय.