बेरी कॉबलर: वरचा थर खालून कच्चा आणि फळांचा रस पातळ का राहतो?

प्रश्न

नमस्कार. गेल्या महिन्याभरात मी घरी तीन वेळा बेरी कॉबलर (गोड केलेल्या फळांवर पिठाचा थर देऊन ओव्हनमध्ये भाजलेला पदार्थ) करून पाहिले आणि तिन्ही वेळा जवळजवळ तेच दोष राहिले, म्हणून कृतीतील कोणताही तपशील न वगळता येथे विचारत आहे. वरचा थर बाहेरून सोनेरी आणि खुसखुशीत दिसतो, परंतु चमचा आत घातला की त्याच्या खालच्या बाजूला बोटभर जाडीचा चिकट, कच्च्या पिठाचा पट्टा लागतो. फळांचा रस सरबतासारखा वाहतो आणि वाडग्यात वाढल्यावर वरचा थर त्यात भिजून जातो. तिसऱ्या गोष्टीने मला अधिक बुचकळ्यात टाकले. जेथे पीठ ब्लूबेरींना टेकले होते तेथे निळसर हिरवे डाग पडले होते, त्यामुळे फळेच खराब होती की काय, अशी शंका आली.

माझी कृती अशी होती. २० सेंटिमीटर चौरसाच्या काचेच्या भांड्यात ७५० ग्रॅम गोठवलेल्या बेरी घेतल्या. त्यांत निम्म्या ब्लूबेरी व उरलेल्या रासबेरी आणि स्ट्रॉबेरी होत्या. त्या पूर्ण वितळू देऊन सुटलेल्या रसासकट वापरल्या आणि त्यांत १५० ग्रॅम साखर व १ टेबलस्पून कॉर्नफ्लोअर मिसळले. वरच्या थरासाठी २०० ग्रॅम मैदा, ६० ग्रॅम साखर, २ टीस्पून बेकिंग पावडर, अर्धा टीस्पून खायचा सोडा, चिमूटभर मीठ, मऊ केलेले ९० ग्रॅम बटर आणि १५० मिलिलिटर दूध घेतले. हे सर्व एकजीव होईपर्यंत चांगले फेटून फळांवर चमच्याच्या पाठीने कडेपासून कडेपर्यंत सारखे पसरले आणि १९० अंश सेल्सिअसला ३० मिनिटे भाजले. रंग आला की बाहेर काढून पाच-सात मिनिटांत वाढले. तिसऱ्या वेळी दहा मिनिटे अधिक ठेवून पाहिले, तेव्हा वरचा भाग करपू लागला, खालचा कच्चा पट्टा मात्र तसाच राहिला.

आंबटगोड, दाट रस आणि त्यावर मऊ, किंचित खारट थर ही जोडी मला मनापासून आवडते, त्यामुळे नेमके कोठे चुकते आहे ते समजून घेण्याची इच्छा आहे.

प्रतिसाद १

प्रथम रसाविषयी लिहितो, कारण तेथील कारण सरळ आहे आणि उपायही हमखास लागू पडतो.

बेरींमध्ये पाण्याचे प्रमाण फार असते. स्ट्रॉबेरीत ते सुमारे ९० टक्के असते, ब्लूबेरीत त्याहून थोडे कमी. फळ गोठते तेव्हा आतल्या पाण्याचे स्फटिक होतात आणि ते पेशींच्या भिंती फोडतात, म्हणून वितळल्यावर गोठवलेले फळ ताज्या फळापेक्षा कितीतरी अधिक रस सोडते. एवढ्या रसाला १ टेबलस्पून, म्हणजे जेमतेम ८ ग्रॅम कॉर्नफ्लोअर पुरणे शक्यच नाही. ताज्या फळांच्या ७५० ग्रॅमना मी २ टेबलस्पून घेतो आणि गोठवलेल्यांना ३. ते फळांवर थेट भुरभुरू नये, आधी साखरेत नीट मिसळून घ्यावे, म्हणजे गुठळ्या होत नाहीत. त्यात १ टेबलस्पून लिंबाचा रस अवश्य घालावा. गोडीला धार येते आणि फळांचा लाल रंगही उजळतो.

प्रमाण वाढवले तरी एक अट पाळावीच लागते. कॉर्नफ्लोअरचे कण साधारण ६५ ते ७० अंशांपासून पाणी शोषून फुगू लागतात, पण रसाला पुरता दाटपणा येण्यासाठी तो उकळीच्या जवळ, सुमारे ९५ अंशांपर्यंत जावा लागतो. साखर अधिक असेल तर हे फुगणे आणखी लांबते, कारण साखरही तेच पाणी धरून ठेवते. म्हणून घड्याळापेक्षा बुडबुड्यांकडे पाहावे. कडेचा रस आधी उकळतो आणि त्यावर फसून भांडे बाहेर काढले जाते. मध्यभागीही रस उकळू लागला पाहिजे, आणि बुडबुडे भराभर फुटणारे नव्हे, तर जड, संथ, काचेसारखे चमकणारे असले पाहिजेत. त्यानंतर किमान ३० मिनिटे निवू द्यावे. स्टार्चचा दाटपणा थंड होताना वाढतो, त्यामुळे पाच मिनिटांत वाढलेले कॉबलर उत्तम जमलेले असले तरी पातळच वाटेल. निवेपर्यंत ते ढवळू नये, कारण घट्ट होत आलेला रस ढवळल्याने पुन्हा सैल पडतो.

गोठवलेल्या बेरी वितळू न देता तशाच साखर-कॉर्नफ्लोअरमध्ये घोळवून भांड्यात घालाव्यात आणि पिठाचा थर न लावता २० मिनिटे ओव्हनमध्ये ठेवाव्यात, असे मी सुचवेन.

प्रतिसाद २

वरील सर्व मुद्दे पटतात, परंतु शेवटच्या सूचनेला काचेच्या भांड्याच्या बाबतीत माझा आक्षेप आहे. बर्फासारखी थंड फळे घातलेले काचेचे भांडे तापलेल्या ओव्हनमध्ये सरकवले, तर तापमानातील एकदम पडणाऱ्या फरकाने काच तडकू शकते. जाड बुडाच्या पातेल्यात फळे, साखर, कॉर्नफ्लोअर व लिंबाचा रस मध्यम आचेवर एक उकळी येईपर्यंत हलक्या हाताने शिजवावे आणि ते गरम मिश्रण कोमट केलेल्या भांड्यात ओतावे, हे अधिक सुरक्षित आहे आणि त्याने वेळही वाचतो. रासबेरी लवकर विरघळतात, म्हणून त्या उकळी आल्यावर शेवटी घालाव्यात. उकळी आली की आच बंद करावी. आंबट रसात स्टार्च फार वेळ खदखदत ठेवला तर त्याची पकड सुटते.

आता कच्च्या पट्ट्याकडे वळू. यात तीन कारणे एकमेकांत गुंतलेली दिसतात. पहिले म्हणजे फळांचा थर थंड होता. ओव्हनची उष्णता पिठाला वरून मिळते, खालून मात्र ती आधी सगळ्या फळांना तापवून मगच पिठापर्यंत पोहोचते. तुमचे वरचे पीठ भाजून होत आले तेव्हा खालचे नुकते कोमट होत असणार. फळे उकळती असतील तर पीठ टेकताक्षणी खालूनही शिजू लागते, त्यामुळे या एका बदलाने निम्म्याहून अधिक प्रश्न सुटेल. दुसरे कारण असे की पीठ कडेपासून कडेपर्यंत सलग पसरल्यामुळे भांड्यावर झाकण बसल्यासारखे झाले आणि फळांची वाफ पिठातच जिरली. पिठाचे लिंबाएवढे गोळे चमच्याने सोडावेत, त्यांच्यामध्ये बोटभर जागा ठेवावी आणि एकूण पृष्ठभागापैकी सुमारे चौथाई भाग उघडा राहू द्यावा. वाफ त्या फटींतून निघून जाते, रस आटतो आणि प्रत्येक गोळ्याला चारही बाजूंनी कड मिळते.

तिसरे कारण सोडा. दुधात सोड्याशी क्रिया होण्याइतकी आंबटता नसते, त्यामुळे अर्धा टीस्पून सोडा बराचसा तसाच उरला आणि पीठ अल्कधर्मी झाले. अल्कधर्मी पिठाला तपकिरी रंग फार लवकर येतो, म्हणूनच आतून शिजण्याआधी वरून ‘झाले’ असे वाटत राहिले आणि दहा मिनिटे वाढवताच ते करपले. निळ्या-हिरव्या डागांचे मूळही तेथेच आहे. ब्लूबेरीतील अँथोसायनिन हे रंगद्रव्य आंबट द्रवात लाल, उदासीन द्रवात जांभळे आणि अल्कधर्मी द्रवात निळे-हिरवे दिसते. तुमची फळे खराब नव्हती आणि ते डाग निरुपद्रवी होते. सोडा पूर्ण वगळून नुसती बेकिंग पावडर ठेवावी, किंवा दुधाऐवजी घट्ट ताक घेऊन सोडा पाव टीस्पूनवर आणावा. मला ताकाचा पर्याय अधिक आवडतो. त्याच्या आंबटपणाने पीठ कोवळे होते आणि फळांशी चवही जुळते.

मळण्याबाबतही थोडे सांगतो. बटर मऊ नव्हे, फ्रिजमधून काढलेले घट्ट हवे. त्याचे लहान तुकडे मैद्यात बोटांनी चोळून वाटाण्याएवढे राहू द्यावेत. ओव्हनमध्ये ते वितळतात, त्यांतील पाण्याची वाफ होते आणि तेथे पोकळ्या राहून थर हलका होतो. ताक घातल्यावर कोरडा मैदा दिसेनासा होईपर्यंतच काट्याने ढवळावे. फेटत राहिल्यास ग्लुटेन, म्हणजे मैद्यातील प्रथिनांचे चिवट जाळे, तयार होऊन गोळे चिवट आणि घट्ट होतात, आणि घट्ट गोळा आतपर्यंत शिजायला वेळही अधिक घेतो. भाजताना १९० अंश ठीकच आहे. गरम फळांवर २५ ते ३० मिनिटे लागतील. मधला एक गोळा उचलून त्याची खालची बाजू पाहावी. तेथे पीठ ओले चकाकत नसेल, तर झाले. स्वयंपाकाचा थर्मामीटर असेल तर गोळ्याच्या मध्यभागी ९३ ते ९५ अंश दिसायला हवेत.

प्रतिसाद ३

दोन्ही उत्तरे अभ्यासपूर्ण आहेत. तरीही कॉबलरचा एक निराळा प्रकार येथे नोंदवावासा वाटतो, कारण त्यात वरचा थर खालून कच्चा राहण्याचा प्रश्न सहसा उद्भवत नाही. यात फळांवर गोळे ठेवत नाहीत. १०० ग्रॅम बटर भाजण्याच्या भांड्यातच वितळवतात आणि १२५ ग्रॅम मैदा, १५० ग्रॅम साखर, दीड टीस्पून बेकिंग पावडर, चिमूटभर मीठ व २४० मिलिलिटर दूध यांचे पातळ पीठ त्यावर ओततात. मग ४०० ग्रॅम बेरी वरून पसरतात आणि काहीही न ढवळता १८० अंशांना ४५ ते ५५ मिनिटे भाजतात. भाजताना पीठ फुगून फळांच्या वर येते, बटर कडेने तळल्यासारखे काम करते आणि कडा कुरकुरीत होतात.

अर्थात हा पदार्थ केककडे झुकणारा आहे. त्यात फळे कमी मावतात आणि गोठवलेल्या रसाळ बेरी घातल्या तर मध्यभाग ओलसर राहतो, म्हणून येथे ताजी फळेच घ्यावीत. दाट रसाची आवड तुम्ही लिहिली आहे, तेव्हा तुमच्यासाठी गोळ्यांचीच पद्धत योग्य ठरेल असे माझेही मत आहे.

प्रश्नकर्तीचा पुढील प्रतिसाद

सर्वांचे मनापासून आभार. सोड्यामुळे रंग लवकर चढतो हे मला मुळीच ठाऊक नव्हते, आणि तिसऱ्या वेळी काय घडले ते त्या एका वाक्याने उलगडले.

काल चौथ्यांदा केले. फळे पातेल्यात उकळून घेतली, कॉर्नफ्लोअर ३ टेबलस्पून घातले आणि साखर १०० ग्रॅमवर आणली. ताक १३० मिलिलिटर, सोडा पाव टीस्पून आणि थंड बटर घेऊन नऊ गोळे सोडले. २८ मिनिटांनी मधला गोळा उचलून पाहिला, तर खालची बाजू ओलसर होती पण पूर्ण शिजलेली, आणि आतला भाग पावासारखा जाळीदार होता. निळे डाग एकही नाहीत. रस ४० मिनिटांनी चमच्याला धरून राहील इतका दाट झाला, किंबहुना माझ्या आवडीपेक्षा थोडा अधिकच. पुढच्या वेळी कॉर्नफ्लोअर अर्धा टेबलस्पून कमी करावे का? आणि उरलेले कॉबलर दुसऱ्या दिवशी मऊ पडते, त्यासाठी काय करावे?

प्रतिसाद २ लिहिणाऱ्यांचे उत्तर

हे वाचून फार आनंद झाला. होय, अडीच टेबलस्पून करून पाहा. पातेल्यात उकळताना रसातील काही पाणी आधीच उडून जाते, त्यामुळे या पद्धतीत थोडे कमी पुरते. स्ट्रॉबेरीचे प्रमाण वाढवाल तेव्हा मात्र पुन्हा ३ वर जा, कारण ब्लूबेरीत रसाला थोडे धरून ठेवणारे पेक्टिन असते आणि स्ट्रॉबेरीत ते कमी.

उरलेले कॉबलर गरम असताना कधीही झाकू नये, कारण झाकणाला लागलेली वाफ पाणी होऊन गोळ्यांवरच पडते. पूर्ण निवल्यावर झाकून फ्रिजमध्ये ठेवले तर तीन दिवस चांगले राहते. खाण्याआधी हवा तेवढा भाग धातूच्या लहान भांड्यात काढून, न झाकता १६० अंशांना १५ मिनिटे गरम करावा. मायक्रोवेव्हमध्ये गोळे लिबलिबीत होतात. तयार कॉबलर गोठवून ठेवण्याचा विचार असेल, तर त्या वेळी कॉर्नफ्लोअरऐवजी टॅपिओका स्टार्च घ्यावे, कारण कॉर्नफ्लोअरने घट्ट केलेला रस गोठून वितळला की पाणी सोडतो. माझ्या मते मात्र भाजलेले कॉबलर गोठवण्यापेक्षा पिठाचे कच्चे गोळे ताटलीत सुटे सुटे गोठवून ठेवावेत आणि उकळत्या फळांवर थेट ठेवून पाच-सात मिनिटे अधिक भाजावेत. त्यांची जाळी जवळजवळ ताज्या पिठासारखीच पडते.