वसंतातील जर्मनी : शहरांची आखणी तुम्ही कशी केलीत?

जर्मनीला जायचे ठरले की बर्लिन, म्युनिक, कोलोन आणि वेळ उरल्यास हायडेलबर्ग अशी यादी बहुतेकांच्या तोंडी तयार असते. परंतु मार्चअखेरीपासून मेअखेरीपर्यंतच्या काळात कोणते शहर कोणत्या आठवड्यात घ्यावे, सुट्ट्यांच्या दिवशी काय करावे आणि रेल्वेचे कोणते तिकीट परवडते, हे जाऊन आलेल्यांनाच नीट सांगता येते. त्यासाठी हा अनुभव धागा. 'सहल छान झाली' एवढ्यावर न थांबता आखणी कशी केलीत आणि तशीच का केलीत, हे कृपया सविस्तर लिहावे. तेथे स्थायिक झालेल्यांनीही अवश्य लिहावे.

ठाणे, आईवडिलांसह

आमची सहल २०२५च्या ईस्टरला जोडून होती. त्या वर्षी ईस्टरचा रविवार २० एप्रिलला आला होता. गुड फ्रायडे, रविवार आणि ईस्टर सोमवार या तिन्ही दिवशी दुकाने बंद असतात, मध्ये केवळ शनिवार उघडा मिळतो आणि त्या दिवशी सारे शहर किराणा भरायला लोटते. म्हणून दूध, पाव, फळे आणि वडिलांची पथ्याची सामग्री आम्ही गुरुवारीच आणून ठेवली. मोठ्या रेल्वे स्थानकांतील दुकाने सुट्टीलाही उघडी असतात, हे ठाऊक असले म्हणजे धीर राहतो. उपाहारगृहे आणि बहुतेक संग्रहालये चालू असतात, त्यामुळे हे दिवस आम्ही मुद्दाम ड्रेस्डेनसाठी राखले होते.

१९४५च्या फेब्रुवारीतील बॉम्बहल्ल्यानंतर कोसळलेले तेथील फ्राउएनकिर्शं हे चर्च पुन्हा बांधून २००५मध्ये खुले झाले. ढिगाऱ्यातून निघालेले जुने दगड नव्या भिंतीत जागोजागी बसवलेले आहेत आणि फिकट पिवळसर दगडांमध्ये ते काळे ठिपके लांबूनही ओळखू येतात. स्थापत्य अभियंता म्हणून निवृत्त झालेले बाबा भिंतीला हात लावून सांधे पाहण्यात इतके रमले, की आईने शेवटी बाकावर बसून घेतले. एल्बेच्या काठाने पुढे पिल्निट्सचा राजवाडा लागतो. तेथे दोनशे वर्षांहून जुने कॅमेलियाचे झाड आहे आणि हिवाळ्यात त्याच्यावर चाकांचे काचघर सरकवून ठेवतात. त्याचा बहर फेब्रुवारीच्या मध्यापासून एप्रिलच्या मध्यापर्यंत असतो, त्यामुळे आमच्या वाट्याला झाडावरच्यापेक्षा झाडाखालचीच फुले अधिक आली.

बॉन, येथेच नोकरीनिमित्त

बहर पाहायचा असेल तर शहरांचा क्रम नकाशावरून न लावता ऋतूवरून लावावा, असे माझे ठाम मत आहे. वसंत नैर्ऋत्येकडून शिरतो. हायडेलबर्गच्या आसपासच्या ऊबदार पट्ट्यात बदाम मार्चमध्येच फुलतो, त्याच्या पाठोपाठ जवळच्या श्वेत्सिंगेनच्या राजोद्यानातील जपानी चेरी फुलते, एप्रिलच्या मध्याच्या सुमारास आमच्या बॉनची पाळी येते आणि हॅम्बुर्गजवळच्या सफरचंदाच्या बागा एप्रिलअखेर किंवा मेच्या आरंभी बहरतात. म्युनिक दक्षिणेला असले तरी उंचावर असल्याने तेथे एप्रिलमध्येही बर्फ पडू शकतो. दक्षिण म्हणजे ऊब, हे आपले गणित तेथे चालत नाही.

बॉनच्या जुन्या वस्तीतील हेरश्ट्रासं या रस्त्यावर दोन्ही बाजूंच्या चेरी वर एकमेकींना भिडून गुलाबी छत तयार होते. बहर जेमतेम दोन आठवडे टिकतो आणि थंडीप्रमाणे पुढेमागे होतो, त्यामुळे नेमक्या तारखेवर विसंबून बॉनमध्ये महागडी खोली घेण्यात अर्थ नाही. त्यापेक्षा कोलोनमध्ये मुक्काम ठेवावा, कारण तेथून साध्या गाडीने अर्ध्या तासाच्या आत येता येते आणि कधी यायचे ते आदल्या रात्री ठरवता येते. शक्यतो सकाळी आठच्या आत यावे. हा लोकांच्या राहत्या घरांचा रस्ता आहे. छायाचित्रात पाकळ्यांचा पाऊस हवा म्हणून फांद्या हलवणारे आणि परक्यांच्या पायऱ्यांवर ठाण मांडणारे पाहुणे, त्यांत आपलेही लोक आले, रहिवाशांना नकोसे होतात. कोलोनचे कॅथेड्रल स्थानकाच्या दारातच आहे, पण त्याच्या मनोऱ्याला ५३३ पायऱ्या आहेत आणि लिफ्ट नाही, हे ज्येष्ठांना आधीच सांगावे.

पुणे, निवृत्त दांपत्य

आम्ही रेल्वेविषयी लिहितो. डॉइचलांड-टिकेट या मासिक पासावर देशभरातील प्रादेशिक गाड्या, मेट्रो, ट्राम आणि बसगाड्या चालतात. २०२३मध्ये ४९ युरोंना सुरू झालेला हा पास जानेवारी २०२६पासून ६३ युरोंना मिळतो. तो वर्गणीच्या स्वरूपाचा असल्याने चालू महिन्याच्या १० तारखेपर्यंत रद्द न केल्यास पुढच्या महिन्याचे पैसे कापले जातात. शिवाय तो पहिल्या तारखेपासून महिनाअखेरीपर्यंतच धरला जातो, म्हणून २५ एप्रिल ते ५ मे अशी सहल असेल तर दोन महिन्यांचे पैसे पडतात. आम्ही सारे मुक्काम एका महिन्यात बसवले ते याचसाठी.

आयसीईसारख्या जलद गाड्यांना हा पास चालत नाही. बर्लिन ते म्युनिक आयसीईने सुमारे चार तासांत होते आणि हेच अंतर साध्या गाड्या बदलत काटायचे तर आख्खा दिवस खर्ची पडतो. त्यामुळे लांबचे टप्पे सवलतीच्या आगाऊ तिकिटांवर आणि आसपासची भटकंती पासावर, अशी आमची विभागणी होती. सवलतीचे तिकीट त्या विशिष्ट गाडीपुरतेच असते आणि बसण्याच्या जागेचे आरक्षण वेगळे घ्यावे लागते. गाडीला उशीर होणार हे धरूनच चालावे. मुक्कामी ६० मिनिटे उशिरा पोहोचल्यास तिकिटाच्या २५ टक्के आणि १२० मिनिटांनंतर ५० टक्के रक्कम मागता येते. एकदा डब्यांचा क्रम उलटा लागल्याची घोषणा अगदी आयत्या वेळी झाली आणि फलाटाच्या 'ए' टोकाला उभे असलेले आम्ही बॅगा ओढत दुसऱ्या टोकाकडे धावलो. तेव्हापासून हिच्या सांगण्यावरून मिळेल त्या दारातून आत शिरायचे आणि मग आतून चालत जायचे, असा शिरस्ता पडला.

नाशिक

व्हिसाबाबत थोडक्यात : शेंगेन व्हिसाचा अर्ज प्रवासाच्या सहा महिने आधीपासून करता येतो आणि निदान १५ दिवस आधी करावाच लागतो. प्रौढांसाठी शुल्क ९० युरो असून प्रवासविमा किमान ३०,००० युरोंचा लागतो. मे महिन्यासाठी सर्वांचीच झुंबड उडते, म्हणून आम्ही भेटीची वेळ जानेवारीतच घेतली होती.

मुंबई, गोरेगाव

हॉटेलांचे दर अचानक दुप्पट दिसू लागले तर त्या शहरात कोणते प्रदर्शन भरते आहे, ते आधी पाहावे. हानोव्हरला दर वसंतात मोठे औद्योगिक प्रदर्शन भरते. म्युनिकला बांधकाम यंत्रांचे बाउमा हे प्रदर्शन तीन वर्षांतून एकदा असते आणि ते २०२५च्या एप्रिलमध्ये झाले. तेथेच एप्रिलअखेरीस ऑक्टोबरफेस्टच्या मैदानावर वसंतोत्सवही असतो. गर्दी तुलनेने कमी आणि मुलांसाठी पाळणे भरपूर. बर्लिनमध्ये संसदेच्या काचेच्या घुमटात प्रवेश विनामूल्य आहे, मात्र नोंदणी आधी करावी आणि पासपोर्ट जवळ ठेवावा. पेर्गामोन संग्रहालय ऑक्टोबर २०२३पासून दुरुस्तीसाठी बंद आहे, जुन्या प्रवासवर्णनांवर विसंबू नये.

नागपूर

एप्रिलच्या उन्हातून निघून बर्लिनच्या सहा अंशांत उतरल्यावर स्वेटर आणि वाऱ्या-पावसाचे जाकीट दोन्ही लागले. छत्री वाऱ्यापुढे टिकत नाही. आम्ही शाकाहारी, वसंतात पांढऱ्या शतावरीचा हंगाम असतो आणि तो परंपरेने २४ जूनला संपतो. उकडलेले बटाटे आणि लोण्यासह ती मागवावी, मात्र बरोबर हॅम नको असे आधीच सांगावे. परागकणांची ॲलर्जी असणाऱ्यांनी औषध सोबत न्यावे, कारण एप्रिलमध्ये तेथे बर्च फुलतो आणि माझ्या पत्नीचे डोळे दुसऱ्याच दिवशी चुरचुरू लागले.

हॅम्बुर्ग

बॉनकरांनी उल्लेखलेल्या सफरचंदाच्या बागा म्हणजे आल्टेस लांड. बंदरावरून ६२ क्रमांकाची फेरी फिंकेनवेर्डरला नेते आणि तिला शहराचे नेहमीचे तिकीट चालते. पुढे बस किंवा सायकल घ्यावी. बहराच्या दिवसांत रात्री पारा शून्याखाली गेला तर शेतकरी फुलांवर सतत पाणी फवारतात. पाणी गोठताना उष्णता बाहेर टाकते आणि कळी वाचते, त्यामुळे अशा पहाटे झाडे बर्फाच्या काचेत मढलेली दिसतात. त्यासाठी सूर्योदयाच्या सुमारास पोहोचावे लागते.

ईस्टरनंतर ३९ दिवसांनी येणारा स्वर्गारोहणाचा गुरुवारही सुट्टीचा असतो. शुक्रवारची रजा टाकून सारे जर्मन त्या चार दिवसांत बाहेर पडतात. त्या आठवड्यात इकडे यायचे असेल तर खोली आणि आयसीईमधील जागा दोन्ही एकाच वेळी राखून ठेवावे.